आईची गोधडी अन् सचिनची जाळी

सचिन माह्या पाठचा भाऊ. सांगाची मले हौस नाई, पण आहे.

मी आठवी शिकलो, तरी भनपुरीत माह्या मालकीचे दोन ट्रक उभे राह्यतात. तात्यापाऱ्यात, म्हणजे आमच्या मोहल्ल्यात, लहानथोर मले भैया म्हणते. हा बीएस्सी, अन् करते काय? खारुण नदीतून शहरासाठी पाणी खेचतात, तिथच्या जाळीतला कचरा काढते. बारा वर्षं झाली. हार, नारळ, देवाचे फोटो, मेलेल्यांच्या गाद्या. जेवाले बसला की तेच पुराण.

आई वारली. आमच्यात मेलेल्याचं अंथरूण दहाव्याले नदीत सोडतात, नाई तं जीव त्यातच अडकून राह्यते. आईची गोधडी होती, बाबाच्या रेल्वेच्या खाकी पँटी कापून तिनंच शिवलेली. महादेव घाटावर पिंडाले कावळा शिवला. म्या गोधडी उचलली, तं हा आडवा आला. राख सोड म्हणे, गोधडी मले दे.

"तुले काहून?"

"खालच्या गावचे लोकं पितात हे पाणी, भाऊ. तू बी याच नदीचं पितं."

"माह्या घरी फिल्टर आहे. तू पी तुह्या जाळीतलं."

पाहुणे हासले. त्यानं गोधडीचं टोक सोडलं नाई. नागपूरच्या मामासमोर ओढाताण माह्या इज्जतीले शोभत नाई, म्हणून हिसकली अन् घरी आणली. माही बायको रमा म्हणे, देऊन टाका ना त्याले. म्या म्हटलं, तुह्या देवरासाठी आईले अडकवून ठेवू काय?

संध्याकाळी गाडी काढली. घाटावर तो बसला असंन, म्हणून नदीच्या वरच्या अंगाले चार किलोमीटर गेलो अन् पुलावरून गोधडी सोडली. आई सुटली. मोठ्या पोरानं सोडवली, डिगरीवाल्यानं नाई.

सकाळी बाहेर आलो, तं माह्याच अंगणातल्या तारेवर गोधडी, धुतलेली, टपकून राहिली होती. सारा पारा पाहून राहिला होता. सचिन गमबूट घालून फाटकात उभा.

"घाट माह्या जाळीच्या खाली आहे, तिथं सोडली असती तं पुढं वाहून गेली असती," तो म्हणे. "तू वरून सोडली. पहाटे माह्या जाळीत आली."

"घेऊन जा मंग."

"आता नाई नेत. तुह्या दारात राहू दे."

तो निघून गेला. नळ आला होता. रमानं घागर लावली नाई. अन् गोधडीले म्या हात लावला नाई, कोणाले लावू बी देला नाई.