शिवराक टोपातली कोंबडी

माझ्या पाच वर्षांच्या नातीला काजू चालत नाही. आवडत नाही अशातला भाग नाही; कण पोटात गेला तरी तिचा गळा सुजतो, श्वास अडकतो. मुलगा जर्मनीत नोकरीला, सून तिथलीच. यंदा एप्रिलमध्ये तिघं पहिल्यांदाच आमच्या गावी, धारगळला, राहायला यायची ठरली, तेव्हा मुलाने फोनवर हे सांगितलं. मी पायरीवर बसले होते. समोर अंगणभर काजूच्या बिया वाळत पडल्या होत्या.

बिया जावेकडे पाठवल्या. घर तीनदा पुसलं. मासळी-कोंबडीची सगळी भांडी गरम पाण्याने घासून काढली, कारण पोरगी कोंबडी खाते, तिचं जेवण त्यांतच होणार. शिवराक भांड्यांच्या फळीला मात्र हात लावला नाही. शिवराक म्हणजे आमचं सोमवारचं, सणावारचं जेवण, मासळी-मटणाशिवायचं. त्याची भांडी वेगळी, त्यांना मासळीचा वारासुद्धा लागू द्यायचा नाही. ती स्वच्छच असतात, हे मी धरूनच चालले होते.

आल्या दिवशी मुलाने एक नारिंगी नळी दाखवली. वेळ आली तर टोपण काढून पोरीच्या मांडीवर दाबायची, इंजेक्शन आपोआप जातं. मी टोपणासकट उशीवर दाबून पाहिलं तर नळी दोनदा हातातून निसटली. तशी मी भित्री नाही. न्हाणीत साप निघाला तेव्हा काठी मीच आणली होती. पण त्या नळीने माझी झोप उडवली.

तीन दिवस पोरगी दारावर पाव विकायला येणाऱ्या पोदेराच्या पावावर राहिली. आमच्या कशालाही तोंड लावेना. चौथ्या दिवशी म्हणाली, तिकडच्या आजीचा कोंबडीचा रस्सा पाहिजे, पिठाचे गोळे घातलेला. मग व्हिडिओ कॉलवर विहीणबाई सांगतायत, मुलगा मराठीत समजावतोय आणि मी ऐकतेय, असं सुरू झालं. हाडासकट कोंबडी, गाजर, कांदा, तमालपत्र, दीड तास मंद आचेवर. मग बटाटे. गोळ्यांना मैदा, अंडं, दूध, लोणी आणि चिमूटभर जायफळ. जायफळ तिला चालतं का, हे मी तीनदा विचारलं.

कोंबडीचा नेहमीचा टोप उचलला आणि नाकाला बांगड्याचा वास आल्यासारखं झालं. इतका घासूनही! पोरगी वासानेच ताट सरकवायची. मग मी जन्मात केलं नव्हतं ते केलं. शिवराक फळीवरचा टोप काढला, तिथलाच दवला, म्हणजे करवंटीचा डाव, घेतला आणि त्या टोपात कोंबडी शिजायला घातली. सासूबाई असत्या तर मला त्या टोपासकट बाहेर काढलं असतं. मनातल्या मनात त्यांना म्हटलं, पणतीसाठी आहे, जरा गप्प बसा.

रस्सा छान जमला. गोळे सोडून झाकण ठेवलं. वीस मिनिटं उघडायचं नाही, असं विहीणबाईंनी बजावलं होतं, नाहीतर म्हणे गोळे घट्ट होतात. उघडून बघायची माझी जन्माची खोड. हाताला चाळा म्हणून मी दवला धुवायला घेतला.

करवंटीत दांडा बसतो तिथे, फटीत, पिवळं काहीतरी वाळून बसलं होतं. नखाने खरवडून नाकाशी नेलं. मुलाचा तो फोन यायच्या आधीच्या सोमवारी याच दवल्याने मी ओल्या काजूंचं तोणाक ढवळलं होतं. तोणाक म्हणजे वाटणाचा रस्सा, आमच्या सोमवारी ठरलेला. माझ्या घरातला काजू शिजला होता तो त्या पवित्र फळीवरच्या भांड्यांत, आणि नेमकी तीच मी घासली नव्हती.

तेव्हाच सांगायला हवं होतं. मी बोलले नाही. अजून त्याची लाज वाटते. दोन तास उकळलंय, एवढ्याशाने काय होणार, असं स्वतःला समजावत राहिले. खरं म्हणजे सुनेच्या डोळ्यांत काय दिसेल याचं भय वाटत होतं. ह्या बाईच्या घरात माझं मूल सुरक्षित नाही, असं तिला वाटलं की संपलं. पुन्हा नात दिसणार ती फोनवरच.

झाकण उघडलं. गोळे फुगून वर आले होते. सुनेने वाटी भरली. पोरगी तीन दिवसांत पहिल्यांदा हसली, चमच्यात अर्धा गोळा घेतला, फुंकर घातली.

"खाव नको गो!" मी ओरडले आणि तिच्या हातावर फटका मारला. चमचा भिंतीवर, वाटी जमिनीवर. पोरीने भोकाड पसरलं.

"आई! खुळी झालंस काय?" मुलगा उठलाच.

"काजू! ह्या दवल्याक काजू होतो!"

सुनेला तेवढा एक शब्द कळत होता. तिने पोरीचं तोंड उघडून पाहिलं, ओठ पाहिले, नळी हातात घेतली. अर्धा तास आम्ही तिघं त्या रडणाऱ्या मुलीकडे नुसते बघत होतो. चमचा ओठांना लागला नव्हता. काही झालं नाही. त्या अर्ध्या तासात मी देवाला काय काय कबूल केलं, ते त्यालाच ठाऊक.

मग सून मुलाशी काहीतरी बोलली आणि तो पेडण्याच्या बाजारातून नवा टोप, नवे चमचे घेऊन आला. मी पडवीत जाऊन बसले होते. स्वयंपाकघरात पाऊल टाकायची हिंमत नव्हती. सून आली, "आई" म्हणाली आणि कोरा करकरीत डाव माझ्या हातात ठेवला. पुढचं बोलण्यापुरती भाषा आम्हा दोघींकडे नव्हती. मी उठले.

संध्याकाळी नव्या टोपात केलेल्या रश्श्याची वाटी पोरीपुढे आली. सून म्हणाली खा, बाप म्हणाला खा. पोरगी खाईना. मला वाटलं, माझ्या हाताला घाबरली. उठून जाणार, तोच तिने चमचा उचलून माझ्यापुढे धरला.

"आजी, चालेल?"

मी टोप पाहिला, डाव पाहिला, माझी नखंसुद्धा पाहिली. मग मान हलवली आणि तिने खाल्लं.

पुढे राहिली तेवढे दिवस ती मला विचारल्याशिवाय एक घास खात नव्हती, आणि प्रत्येक वेळी मान हलवण्याआधी मी टोप, डाव आणि माझी नखं पुन्हा बघत होते.