तिसरी खुर्ची

स्वतःच्याच खोलीच्या दाराबाहेर उभं राहून ते म्हणायचे, "तिसरं माणूस येऊ दे."

आत साक्षीदार बसलेला असे, शेजारी मी. ते मात्र हातात कागद घेऊन कॉरिडॉरमध्ये, एखाद्या शिपायासारखे. तपास करणाऱ्या सरकारी एजंट बाई लिफ्टमधून धापा टाकत आल्या की त्यांना आधी आत पाठवायचे, त्या तिसऱ्या खुर्चीवर बसल्याची खात्री करायचे, आणि मगच आपल्या टेबलापाशी यायचे.

पहिल्यांदा मला हसू आलं. मी म्हटलं, "अहो, मी आहे ना खोलीत."

"तुम्ही मोजणीत नाही," ते शांतपणे म्हणाले. "तुम्ही फक्त आवाज."

राग येण्याजोगं वाक्य होतं, पण खरं होतं. मी दुभाषी. न्यू जर्सीतल्या फेडरल कोर्टाच्या कामांसाठी सरकारी पक्ष मला बोलावत असे. साक्षीदार मराठीत "मी" म्हणाला की मी इंग्रजीत "मी"च म्हणायचं. आपलं एक अक्षर घालायचं नाही, त्याचं एक गाळायचं नाही. कामाच्या दृष्टीने उत्तम, कारण घरी येताना डोक्यात स्वतःचं काहीच उरलेलं नसतं.

ते होते फेडरल सरकारी वकील. उंच, वाळलेले, पन्नाशीचे. साक्षीदाराशी एकट्याने बोललं आणि उद्या साक्षीदार फिरला, तर कोण काय म्हणालं हे सांगायला त्यांनाच पिंजऱ्यात उभं राहावं लागेल, मग खटला कोण चालवणार? म्हणून तिसरी खुर्ची. सगळेच वकील हा नियम पाळत. यांनी तो अंगात भिनवून घेतला होता. टेबलावर फोटो नाही, कपाटावर झाड नाही. दुपारचं सँडविच खिडकीशी उभ्यानेच. सणासुदीला कुणीतरी ऑफिसात थांबायला हवं असलं की कुणी विचारायच्या आधी यांचा हात वर.

राहायला ते माझ्यासारखेच जर्सी सिटीत, स्टेशनजवळच्या उंच इमारतीत. संध्याकाळची गाडीही एकच. पण केस चालू असताना आम्ही एका डब्यात बसत नसू. प्लॅटफॉर्मवर मान हलवायची आणि ते पुढच्या डब्याकडे जायचे. त्यांची पाठ मला चेहऱ्यापेक्षा जास्त ओळखीची आहे.

मावशींची केस आली तेव्हा अकरा सप्टेंबरला दोनेक वर्षं झाली होती. कोर्टाच्या दाराशी रोजच तपासणीची रांग लागे. मावशी म्हणजे कराडकडच्या एक बाई, माझ्या नात्यातल्या नव्हेत. एका पैसेवाल्या जोडप्याने घरकामाला म्हणून अमेरिकेत आणलं, पासपोर्ट कपाटात कुलूपबंद केला आणि बाहेर पडलीस तर पोलीस उचलतील म्हणून धाक घातला. जेवायला वेगळं ताट, वेगळा कप, तेही गॅरेजमध्ये. त्यांच्या हातचं मात्र सगळ्या घराला चालत होतं. तेवढं लागतंच. एका शेजारणीने कळवलं, एजंट बाईंनी त्यांना बाहेर काढलं, आणि आता त्या शेल्टरमध्ये राहत होत्या.

पहिल्याच भेटीत मावशींनी विचारलं, "सायेब, तुमी त्यास्नी आत टाकणार व्हय?"

"मी नाही," ते म्हणाले. "शोध घ्यायचा या एजंट बाईंनी. सही करायची माझ्या साहेबांनी. खटला उभा राहावा की नाही ते ग्रँड ज्युरीतली साधी माणसं ठरवणार. आणि गुन्हा झाला की नाही ते आणखी वेगळी बारा माणसं."

मी हे सगळं मराठीत सांगितलं. मावशींनी नीट ऐकून घेतलं.

"मग तुमी काय करता?"

ते म्हणाले, "मी उभा राहतो."

मावशी माझ्याकडे बघून खुदकन हसल्या. मी हसू शकत नव्हते. मी आवाज होते.

दुसऱ्या की तिसऱ्या भेटीला त्या डबा घेऊन आल्या. शेल्टरच्या स्वयंपाकघरात केलेले रव्याचे लाडू. त्यांच्यापुढे डबा उघडून धरला. लाडू एकसारखे वळलेले, प्रत्येकावर एक बेदाणा.

ते खुर्चीतच मागे सरकले. "नाही. आभार. पण घेता येणार नाही."

मावशींचा हात तसाच राहिला. मग त्या अगदी हळू म्हणाल्या, "माझ्या हातचं चालत न्हाई का?"

हे वाक्य तुम्हाला आणि मला कळतं. इंग्रजीत त्याचं जे झालं ते असं: ती विचारते आहे, माझ्या हातांनी केलेलं तुम्हाला योग्य वाटत नाही का? त्याच्यामागचं गॅरेज, वेगळा कप, आणि कराडकडच्या गावात त्याआधी जे काय असेल ते, मला जोडता येत नव्हतं. तो माझा अधिकार नव्हता.

"हातांचा प्रश्न नाही," ते म्हणाले. "नियमाचा आहे. साक्षीदाराकडून काही घ्यायचं नाही. साक्षीदाराला काही दिलं, तर समोरच्या वकिलाला कळवायचं."

मावशींनी डब्याचं झाकण लावलं. "नियम तिथं बी हुताच," त्या म्हणाल्या, आणि गप्प झाल्या.

गप्प म्हणजे गप्पच. पुढच्या भेटीला त्यांनी तोंड उघडलं नाही. एजंट बाईंनी समजावलं, शेल्टरच्या बाईंनी समजावलं. "ज्यास्नी माझ्या हातचं चालत न्हाई, त्येंच्यापुढं काय बोलायचं," एवढंच एक उत्तर. त्या घरात मावशी धरून तिघांशिवाय कुणी नव्हतं. मावशी बोलल्या नाहीत तर खटला नव्हता. ते जोडपं निर्धास्त राहणार आणि गॅरेजमध्ये उद्या दुसरी बाई येणार. मावशींच्या मागे तर काहीच उरणार नव्हतं. त्यांना इथे राहू देण्याची परवानगी, गावाकडच्या मुलीला आणण्याचा अर्ज, सगळं या केसला लटकलेलं.

"आणखी एकदा बोलावू," एजंट बाई म्हणाल्या. "नाहीतर बंद करा, यार." भारतीयांच्या केसेस करून करून त्या यार शिकल्या होत्या.

त्या दिवशी जानेवारीचा बोचरा वारा होता. तपासणीची रांग इमारतीबाहेर पायऱ्यांवर आली होती. मावशी शालीत हात गुंडाळून उभ्या, एजंट बाई त्यांच्या मागे, मी पुढे. ते बाहेरून येत होते, टोपी-हातमोजे चढवून. त्यांना बाजूच्या दाराने जाता आलं असतं. ते थांबले. मावशींची बोटं शालीबाहेर आली होती, निळसर पडलेली.

त्यांनी हातमोजे काढले. तपकिरी, लोकरीचे, अंगठ्याशी उसवलेले. पुढे धरले.

मावशी मागे सरकल्या. "तुमच्या हातातलं? मला?"

मी इंग्रजी केलं.

ते म्हणाले, "तुमच्या हातांना चालत असेल तर."

तेव्हा मला कळलं की मी पोचवलेलं ते वाक्य त्यांनी इतके दिवस जपून ठेवलं होतं, आणि कुणालाही न विचारता उलगडलंही होतं. मावशींनी शाल सोडून दोन्ही हात पुढे केले. मग हातमोजे चढवले. बोटांच्या टोकांना रिकाम्या लोकरीच्या पिशव्या लोंबत होत्या.

वर गेल्यावर त्या बोलायला लागल्या त्या थांबेचनात. माझा घसा बसला.

संपल्यावर ते एजंट बाईंना म्हणाले, "लिहा. सरकारी वकिलाने साक्षीदाराला हातमोजे दिले. एक जोड."

"वेड लागलंय का तुम्हाला? ते हातमोजे समोरच्याला कळवणार?"

"हो."

"फाटके आहेत ते!"

"मग फाटके असंही लिहा."

त्यांच्या साहेबांनीही केबिनमध्ये बोलावून घेतलं. आवाज बाहेरपर्यंत येत होता. ते बाहेर आले तेव्हा मी विचारलं, "कळवावं लागेल हे माहीत होतं, तर दिलेत कशाला?"

"द्यायला मनाई नाही," ते म्हणाले. "लपवायला आहे."

खटल्यात व्हायचं ते झालं. समोरचा वकील गोड बोलणारा. त्याने उलटतपासणीत मावशींना विचारलं, "सरकारने तुम्हाला जागा दिली, जेवण दिलं. आणि या वकीलसाहेबांनी तर स्वतःच्या हातांतले मोजे काढून दिले. खरं ना?"

ज्युरीतल्या बायकांच्या भुवया वर गेल्या.

"व्हय. दिले."

इथे त्याने थांबायला हवं होतं. तो म्हणाला, "आणि त्यांनी असं का केलं असेल?"

मावशी म्हणाल्या, "बोटं गारठली हुती माझी. ह्या देशात आल्यापास्नं माझ्या हातांकडं बघितलेला त्यो पयला माणूस."

ते वाक्य मला इंग्रजीत म्हणायचं होतं, आणि म्हणायचं होतं "माझी" आणि "माझ्या". मी म्हटलं. आवाज जागेवर राहिला. ते टेबलावरच्या कोऱ्या कागदाकडे बघत होते, कान लाल झालेले.

जोडपं दोषी ठरलं. कॉरिडॉरमध्ये मावशींनी त्यांना गाठलं. एजंट बाई सोबत होत्याच. "आता तरी चालंल का लाडू?"

"अजून शिक्षा ठरायची आहे. मग अपील."

"म्हंजी कवा?"

"वर्षं लागतील."

"म्हातारं व्हाल, सायेब," मावशी म्हणाल्या. ते हसले. मी त्यांना हसताना पाहिलं ते तेवढंच.

मावशींची मुलगी आली. दोघी टेक्सासला, अर्विंगला गेल्या. तिथल्या एका हॉटेलच्या स्वयंपाकघरात मावशी लागल्या. अपील निकालात निघाल्याचं त्यांना कळलं आणि माझ्या पत्त्यावर कुरिअरने डबा आला. एकसारखे लाडू, प्रत्येकावर बेदाणा. आत दुसरं काही नाही. कुणासाठी ते सांगायची गरज नव्हती.

मी ऑफिसात फोन केला तर ते निवृत्त झालेले. ऑफिसने निरोप पोचवला, आणि शेवटी एके दुपारी स्टेशनजवळच्या कॉफीच्या दुकानात आम्ही भेटलो. इतकी वर्षं शेजारी राहून पहिल्यांदाच. दोन खुर्च्यांचं टेबल होतं. ते आले, बाजूची एक खुर्ची ओढून लावली, आणि मगच बसले. आपण काय केलं ते त्यांना कळलं असावं. खुर्ची मात्र परत नेली नाही.

मी डबा पुढे केला. त्यांनी दाराकडे पाहिलं. कुणी येणार नव्हतं. मग एक लाडू उचलून, खाली हात धरून, रवा सांडू न देता सावकाश पूर्ण खाल्ला.

"तिच्या भाषेत काय म्हणतात?" त्यांनी विचारलं. "चांगला झालाय, याला?"

"छान झालाय," मी म्हटलं.

त्यांनी ते दोनदा पुटपुटून पाहिलं. मग त्या रिकाम्या खुर्चीकडे तोंड करून, कोर्टात बोलत तसं स्पष्ट म्हणाले, "छान झालाय."

मला गाडी पकडायची होती. मी उठले तसे तेही उठले. दाराबाहेर पडून काचेतून मागे पाहिलं तर डबा उघडा होता आणि ते अजून उभेच होते.

आता त्यांना रोजची गाडी नव्हती; प्लॅटफॉर्मवर ती पाठ मला पुन्हा दिसली नाही.