बंद दारामागचा हेवी मेटल

एका रविवारी संध्याकाळी माझं निधन झालं, असं आमच्या मुलुंडच्या बिल्डिंगचं साधारण दहा मिनिटं ठाम मत होतं.

माझी बायको सुनंदा लेकीच्या बाळंतपणासाठी कॅनडाला जाऊन चार महिने झाले होते. घरात बोलायला फक्त प्रेशर कुकर. (तोही तीन शिट्ट्यांत गप्प!) लेकीला दया आली. तिने भारीतले हेडफोन पाठवले आणि फोनवर गाण्यांचं हाय-रेझोल्युशनवालं अ‍ॅप घ्यायला लावलं. "बाबा, तुमचा तो कॉलेजातला मेटलचा अल्बम ऐका. झकास वाटेल!"

तो अल्बम मी जन्मभर कॉपीच्या कॉपीवरून भरलेल्या कॅसेटवर ऐकलेला. त्यात गिटार म्हणजे मिक्सरमध्ये खोबरं! आता मात्र ड्रमवाल्याने काठी उचलताना घेतलेला श्वाससुद्धा ऐकू आला. चार महिन्यांनी घरात दुसऱ्या कुणाचा तरी श्वास! डोळेच भरले. मी उशी मांडीवर घेऊन बडवायला लागलो आणि गायकाबरोबर सुटलो, "डाय! डाऽऽय!"

घोळ एवढाच, की गिटार-ड्रम सगळं माझ्या कानात. भिंतीपलीकडच्या सावंतांना फक्त मी! आणि तेही "आई! आऽऽई!" असा.

सावंत वहिनींनी दार बडवलं. (मला वाटलं, वा, काय बेस आहे!) मग त्यांनी थेट कॅनडाला फोन लावला.

"अगो सुनंदा, घाबरू नको, पण भावजी आतसून आईक हाक मारतत!"

"ओरडतायत ना? मग जिवंत आहेत," सुनंदा म्हणाली. "किल्ली तुमच्याकडेच आहे, वहिनी."

दार उघडून सात जण आत आले. समोर मी : डोळे मिटलेले, गालांवर पाणी, टक्कल गदागदा हलतंय.

"झटके येतायत! धरा!" सावंत ओरडले. दोघांनी हात धरले, वहिनींनी नाकाला चप्पल लावली. धडपडीत हेडफोन निसटले.

"अहो, गाणं म्हणतोय मी!"

"ह्या गाणा?" सावंतांनी हेडफोन कानाला लावले, अर्धा मिनिट ऐकलं आणि हळूच म्हणाले, "गाणाऱ्याकय कोणीतरी चप्पल लावा रे."

मग चहा झाला. कप पुरेनात, वहिनींनी घरून आणले. सगळे गेल्यावर मी ते कप फार सावकाश धुतले.

पुढच्या रविवारी दार मुद्दाम नुसतं लोटून ठेवलं, सात जणांचा चहा टाकला आणि आदल्या खेपेपेक्षा जोरात मेलो. कुणी आलं नाही! घसा बसल्यावर फोन बघितला. सोसायटीच्या ग्रुपवर मेसेज होता : "कुणी घाबरू नये. चारशे तीनमधले काका गात आहेत."

खाली एकोणीस अंगठे. त्यातला पहिला सुनंदाचा, कॅनडाहून!