बॉक्सरची मुलगी
परवा आयसेलिन गावातल्या एका दुकानात कुणीतरी सांधेदुखीच्या मलमाची डबी उघडली आणि त्या उग्र वासाने मला वृद्धाश्रमातली माझी पहिली नोकरी आठवली. तिथे नव्वदीकडे झुकलेली, स्मृतिभ्रंश झालेली एक इंग्लिश बाई होती. दोन महायुद्धांच्या मधल्या काळात तिचे वडील इंग्लंडमध्ये बॉक्सिंग करून घर चालवायचे. एका दुपारी मी तिच्या खांद्याला असंच मलम चोळत होते, तर वडिलांच्या अंगाला यायच्या तसल्या त्या वासाने ती मनाने एकदम सात वर्षांची झाली. माझं मनगट घट्ट धरून म्हणाली, “बाबांना आज रिंगमध्ये नेऊ नका. त्यांना डाव्या डोळ्याने दिसत नाही. डॉक्टरांच्या तक्त्यावरची अक्षरं मीच त्यांच्याकडून पाठ करून घेतली, म्हणून ते तपासणीत पास झाले.” मी नवखी होते. वाटलं, खरं तेच सांगावं. म्हटलं, “तुमचे बाबा आता या जगात नाहीत.” “म्हणजे माझ्यामुळे गेले,” ती एवढंच म्हणाली आणि उशीत तोंड खुपसून हमसून हमसून रडू लागली. मी पार घाबरले. “नाही, माझी चूक झाली,” मी म्हणाले, “आजची फाइट कॅन्सल केलीय. बाबा घरी येतायत.” बऱ्याच वेळाने तिचं रडणं थांबलं. मग डोळे न उघडताच तिने विचारलं, “मग उद्या आम्ही खायचं काय?” मी नुसती तिचा हात धरून बसले. खोटं बोलून मी तिला कशातून सोडवलं आणि कशात ढकललं, ते मला अजूनही कळलेलं नाही.