टेम्पोच्या आधी समुद्र काय बोलला

समजा, एक गोष्ट तुमच्या ताब्यात द्यायची आहे. देणारा ती एकदाच सांगणार. ऐकताना तुम्ही फक्त ‘हूं’ म्हणायचं. मग तीच गोष्ट तुम्ही शब्दन् शब्द परत म्हणून दाखवायची. देणाऱ्याने मान हलवली की ती तुमची. त्यानंतर ती रोज मनात म्हणायची आणि म्हातारपणी दुसऱ्याला द्यायची. एकदा दिली की पुन्हा तोंडात आणायची नाही. लिहून ठेवायची नाही, फोनमध्ये भरायची नाही. कागद भिजतो आणि फोन पाण्यात पडतो, हे किनाऱ्यावर कुणाला समजावून सांगावं लागत नाही. एका गोष्टीला एकच माणूस. बॅकअप नाही.

हा धर्म आहे. त्याला राखण म्हणतात. देऊळ नाही, मूर्ती नाही, दानपेटी नाही, त्यामुळे तो कुणाच्या लक्षात आलेला नाही. तारापूरच्या किनाऱ्यापासून मासवणपर्यंत त्याची थोडीच घरं आहेत. वर्षातून एकदा सगळे एका अंगणात जमतात आणि आपापली गोष्ट मनातल्या मनात म्हणतात. बाहेरून पाहणाऱ्याला वाटतं, मयताला आलेत. मधेच मासवणचा देवू मोठ्याने खोकतो. त्याला गोष्ट देताना त्याचा बाप तिथे खोकला होता. सांगताना ‘हूं’ सोडून कुणाच्याही तोंडातून जे निघालं ते गोष्टीत गेलं, असा नियम आहे. देवू खोकला चुकवत नाही.

नलूबाई सुकी मासळी विकतात. आठवड्याला बोईसरचा बाजार, कधी वाणगाव. त्यांच्याकडे जी गोष्ट होती ती लग्नानंतर लगेच जमनाआत्याने, म्हणजे त्यांच्या आतेसासूने दिली. एका बाईचा नवरा होडी घेऊन जातो आणि येत नाही. बाई किनाऱ्यावर जाऊन विचारते, “माझा माणूस कुठं ठेवलास?” समुद्र तोंड उघडतो आणि म्हणतो, “टेम्पो आला गं, बोंबील उचला.” मग बाई घरी येते, चूल पेटवते, गोष्ट पुढे जाते.

झालं असं होतं की, जमनाआत्या वलांडीखाली, म्हणजे बांबूंवर वाळत घातलेल्या बोंबलांच्या सावलीत बसून गोष्ट देत होती. तेवढ्यात व्यापाऱ्याचा टेम्पो आला. आत्या ओरडली, बोंबील उचलले गेले आणि परत बसल्यावर तिने चुलीपासून सुरुवात केली. समुद्राचं खरं उत्तर राहूनच गेलं. नलूबाईंनी टेम्पोसकट गोष्ट म्हणून दाखवली. आत्याने मान हलवली. नियमाने ती बरोबरच होती.

बरीच वर्षं नलूबाईंना त्याचं काही वाटलं नाही. मग त्यांचा नवरा महादू होडी घेऊन गेला आणि आला नाही. तेव्हा त्या आत्याकडे गेल्या.

“आत्या, समुद्र काय बोलला ते सांग.”

आत्या रडली. चहा ठेवला. साखर जास्त घातली. बोलली नाही. तिने गोष्ट दिलेली होती. पुढे ती वारली, तेव्हाही बोलली नाही.

या वर्षी नलूबाई ‘चूल’ हा शब्द दोनदा विसरल्या. म्हणून त्यांनी पुतणीला बोलावलं. हिमानी बोईसरच्या एका केमिकल कंपनीत लॅबमध्ये आहे आणि सालवडला राहते. तिला गोष्ट नको होती. “काकी, मला आमच्या गेटचा पासवर्ड राहत नाय लक्षात,” ती म्हणाली.

“पासवर्डात बाई नाय, नवरा नाय. कसा राहील?” नलूबाई म्हणाल्या.

वलांडीखालीच बसल्या दोघी. नलूबाईंनी एक उत्तर तयार ठेवलं होतं. महादू गेल्यापासून ते त्यांच्याजवळ होतं. टेम्पोनंतर फक्त बोलायचं, की ते कायमचं गोष्टीत जाणार होतं. कुणाला कळलंही नसतं.

“माझा माणूस कुठं ठेवलास?” नलूबाई म्हणाल्या.

“हूं.”

“समुद्रानं तोंड उघडलं आणि बोलला, टेम्पो आला गं, बोंबील उचला.”

इथे नलूबाई थांबल्या. हिमानीने वाट पाहिली.

“मग समुद्र काय बोलला, काकी?”

बोलून झाल्यावर तिने तोंडावर हात ठेवला. उशीर झाला होता. प्रश्न गोष्टीत गेला होता, ‘काकी’सकट.

नलूबाईंचं उत्तर आता अगदी चपखल बसलं असतं. मग त्या म्हणाल्या, “बाई घरी आली. चूल पेटवली,” आणि गोष्ट शेवटापर्यंत नेली.

हिमानीने ती म्हणून दाखवली. टेम्पो आला, तिचा स्वतःचा प्रश्न आला, चूल आली. नलूबाईंनी मान हलवली.

“तुमी कायतरी बोलणार होत्या ना तिथं?” हिमानीने विचारलं.

“होते.”

“मग बोलला का नाय? गोष्ट पुरी झाली असती.”

“माझं उत्तर मला ठाऊक हाय. ते ऐकून काय करू?”

“आता तर विषयच संपला. गोष्ट माझी. तुमी तोंडात पण घ्यायची नाय.”

“गोष्ट दिली. विचारायचं सोडलं असं नाय बोलले मी.” नलूबाईंनी वरचा एक बोंबील दाबून पाहिला. अजून ओला होता. “टेम्पोचा आवाज आला तवा आत्याचं तोंड उघडं होतं, हिमानी. मी बघितलं. काय होतं गं त्या तोंडात?”