वारा फिरला त्या सकाळी

एन्मीकेनच्या समुद्रात घुसलेल्या टोकावर सुळेवाले वॉलरस आले की गावातली कुत्री बांधली जातात, होड्यांची इंजिनं बंद होतात आणि दुकानाच्या दारातल्या बायकाही हळू बोलू लागतात. समुद्रावरचा बर्फ आता शरदात फार लांब उत्तरेला जातो. टेकायला जागा नाही म्हणून हजारो जनावरं टोकाखालच्या अरुंद दगडी पट्टीवर एकमेकांना रेलून पडतात. त्यातलं एक आवाजाने किंवा वासाने बिथरलं तर सगळी पाण्याकडे सुटतात आणि पिल्लं खाली चिरडली जातात. रशियाच्या अगदी पूर्वेकडच्या, चुकोत्काच्या या किनाऱ्यावर त्यांची राखण करायचं काम अकरा वर्षं एतुवगीकडे आहे.

त्याआधी तो गावच्या वीजघरात डिझेलच्या मशीनवर होता. डावा कान तिथेच गेला. तरी वॉलरसांचे श्वास त्याला घरात, भिंतीच्या पलीकडून ऐकू येतात. भर हिवाळ्यातसुद्धा, टोकावर एकही जनावर नसताना.

“डॉक्टरीणबाईंना कान दाखव,” बायको तिमनेनेउत म्हणते.

“तो बहिरा आहे. ऐकू येतं ते दुसऱ्याने.”

“मग दुसरा दाखव, म्हाताऱ्या.”

हे सुरू झालं सात वर्षांपूर्वीच्या सप्टेंबरात. एतुवगीच्या आईला रिवाजाप्रमाणे टोकावरच्या टेकडीवर, दगडांच्या रिंगणात, उघड्या आभाळाखाली ठेवलं होतं. दर शरदात तो तिथे छोटासा विस्तव करी आणि त्यात रेनडिअरची चरबी, चिमूटभर तंबाखू, थोडा चहा टाकी. मेलेली माणसं धुरातून जेवतात. त्या सकाळी वारा समुद्राकडून होता. त्याने चिमूट उडवून खात्री केली आणि मगच काडी ओढली.

विस्तव धरत असताना एक छोटं विमान टोकावरून गेलं. खाली कळपाने माना वर केल्या, पुन्हा टाकल्या. कोणी हललं नाही. पाव तासाने वारा पडला आणि मग टेकडीकडून सुटला. चरबीचा धूर उतारावरून घसरत पट्टीवर गेला. एतुवगीने विस्तवात पाय घालून तो तुडवला, बुटाचा तळ जळला. तोवर खालून डोंगर ढासळल्यासारखा आवाज सुरू झाला होता.

पट्टी रिकामी झाली तेव्हा सत्तावन्न वॉलरस मेलेले होते. त्यांत एकेचाळीस पिल्लं.

शिकारी वाम्चे धापा टाकत आला. “त्या विमानानेच केलं ना? मी घरातून बघितलं, किती खालून गेलं ते!”

“हं,” एतुवगी म्हणाला.

एवढंच म्हणाला. पण तो राखणदार होता, त्याचं ‘हं’ कागदावर चढलं. वॉलरसांवर संशोधन करणारी आग्लाया दर शरदात शहरातून येऊन कळप मोजते. तिने अहवाल लिहिला. सप्टेंबर-ऑक्टोबरात टोकावरून विमानं न्यायला सहा वर्षांची बंदी आली. वैमानिकाची बदली झाली. जायच्या आदल्या दिवशी तो गावच्या दुकानात म्हणाला, “मी उंचावर होतो, बाबांनो.” कोणी त्याच्याकडे बघितलं नाही. एतुवगी तिथेच पाव घेत उभा होता.

तेव्हापासून आईच्या रिंगणापाशी काडी ओढायला त्याचा हात धजेना. दुपारी जरा डोळा लागला की आई यायची. रागवायची नाही. दाराशी बसायची, रिकामा वाडगा मांडीवर घेऊन, जेवण व्हायचंय अशी.

गेल्या वर्षी आग्लाया बंदीची मुदत संपायच्या बेतात कागद घेऊन आली. विमानतळवाल्यांनी नव्याने पुरावा मागितला होता.

“एतुवगीकाका, जुनाच जबाब आहे. खाली सही करा, की आणखी सहा वर्षं निश्चिंती.”

त्याने पेन घेतलं, टेबलावर ठेवलं आणि धुराचं सगळं सांगितलं. आग्लायाचा चहा निवला.

“हे आत्ता का सांगताय?”

“आई उपाशी आहे.”

“काका, अहवालात मी तुमची आई कुठे लिहू?”

“आई नको लिहूस. धूर लिही.”

“हे लिहिलं तर बंदी उठेल. वॉलरस मरतील.”

“विमानाने मरतात की नाही, मला माहीत नाही. तुलाही नाही, पोरी. तू मला विचारून लिहिलंस आणि मी खोटं बोललो.”

 मग तिने जुना कागद फाडला आणि नवा लिहिला. त्याने सही केली. हिवाळ्यात बंदी उठल्याचं कळलं.

“सहा वर्षं पोटात ठेवलंस,” वाम्चे दुकानात सगळ्यांदेखत म्हणाला, “आणखी सहा ठेवलं असतंस तर काय पोट फुटलं असतं?”

राखण मात्र त्याच्याकडेच राहिली. त्या थंडीत टेकडीवर पडून राहायला दुसरं कोणी तयार नव्हतं.

सही केली त्याच शरदात, कळप जाऊन टोक रिकामं झाल्यावर, त्याने आईच्या रिंगणापाशी विस्तव केला होता. नंतर आई आली नाही. श्वास मात्र भिंतीपलीकडे चालूच राहिले.

या सप्टेंबरात पुन्हा कळप आला. चौथ्या दिवशी सकाळी विमानाचा आवाज आला. आग्लायाने तो एतुवगीच्या आधी ऐकला आणि त्याच्या दंडाला धरलं. दोघं टेकडीवर पालथे पडले होते. विमान सात वर्षांपूर्वीच्यापेक्षाही खालून आलं. पट्टीभर माना वर झाल्या. कडेचे दोन-तीन मोठे नर पाण्याकडे सरकले. सुटावं, सगळ्यांनी सुटावं, असं आपल्या मनात येतंय हे एतुवगीच्या लक्षात आलं आणि त्याने तोंड शेवाळात खुपसलं.

वर बघितलं तेव्हा विमान गेलं होतं. एकेक मान खाली जात होती.

“एका फेरीवरून काही ठरत नाही,” आग्लाया वहीत उंची आणि वारा टिपत म्हणाली. “पुढच्या वेळी वेगळं होईल कदाचित.”

 घरी आल्यावर जळक्या वासाचे म्हणून गेली सात वर्षं दाराबाहेर ठेवत आलेले बूट त्याने तिथेच काढले.

“विमान गेलं म्हणे. काही झालं?” तिमनेनेउतने विचारलं.

“एकही मेला नाही.”

“मग तोंड असं का?”

“म्हणजे ते सत्तावन्न माझे एकट्याचेच,” तो म्हणाला आणि भिंतीकडे पाठ करून बसला.