चिठ्ठीवर गुडघा होता

ते पिवळं कार्ड मी दवाखान्यातून चोरलं. हो, चोरलंच. आजही ते माझ्या कपाटात साड्यांच्या खाली आहे आणि त्यावर माझ्या अक्षरात सोळा वेळा एकच आकडा लिहिलेला आहे. दोन. दर आठवड्याला दोन. ते कार्ड हातात आलं की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते, आणि तरीही मी ते फेकत नाही.

मी फिजिओथेरपिस्ट. लग्न करून ठाण्याहून शारजाला आले. अल मजाजला तलावासमोर आमचा फ्लॅट होता, आणि नोकरी बर दुबईत, कापडाच्या दुकानांच्या वर दुसऱ्या मजल्यावर. दवाखाना ज्यांचा, ते आमचे डॉक्टर. भारतातलेच, गोड बोलणारे, आणि नियमाचे पक्के. पेशंटला आधी ते बघणार, चिठ्ठीवर दुखरा भाग लिहिणार, आणि मी फक्त त्या भागावर पंधरा मिनिटं काम करणार. खांदा म्हणजे खांदा, कंबर म्हणजे कंबर. बाकीचा माणूस चिठ्ठीच्या बाहेर. माझा व्हिसाही त्यांच्याच नावावर होता, त्यामुळे मी मान हलवायची.

नव्वदचं दशक संपत आलं होतं तेव्हाची गोष्ट. एक दिवस रिसेप्शनवरचा मल्याळी पोरगा डोळे वटारून आत आला. "मॅडम, बडा आदमी आया है." मला वाटलं कुणी शेख असेल. बघते तर दारात खरंच दाराएवढा माणूस. आडवा होऊन आत आला. अमेरिकन, चाळिशीचा, मानेला मानच नाही, खांद्यावर थेट डोकं ठेवलेलं. एका हॉटेलच्या हेल्थ क्लबमध्ये ट्रेनर होता आणि शुक्रवारी सकाळी अमेरिकन कंपन्यांतल्या लोकांच्या मुलांना त्यांचा तो हातात बॉल घेऊन पळायचा फुटबॉल शिकवायचा. सगळे त्याला कोच म्हणायचे, मीही म्हणायला लागले. चिठ्ठीवर लिहिलं होतं, उजवा गुडघा.

"कोच, दुखणं किती? शून्य म्हणजे काहीच नाही, दहा म्हणजे सहन होत नाही," मी विचारलं.

"टू, मॅम."

गुडघा हातात घेतला तर आत वाळू भरल्यासारखा करकरत होता. दोन म्हणे! डोंबल दोन! मी दाबलं तिथे त्याच्या कपाळावर घाम आला, पण चेहरा ढिम्म हलला नाही. मी कार्डावर दोन लिहिलं. पेशंट सांगेल तो आकडा लिहायचा, असं शिकवलेलं होतं ना आम्हाला.

मग दर आठवड्याला, बर्फाची पिशवी गुडघ्यावर असताना, तो मला त्याचं सगळं करिअर सांगत गेला. त्या खेळात बॉल घेऊन पळणारे असतात आणि त्यांना आडवं करणारे असतात. हा आडवं करणाऱ्यांतला. मी माझ्यापुरता अर्थ लावून घेतला, की कबड्डीतला हा कोपऱ्यावरचा गडी. चढाई करणाऱ्याचं नाव पेपरात आणि घोटा धरणाऱ्याच्या तोंडात माती. नऊ वर्षं तो पगारी खेळाडू होता, तीन टीममध्ये. कॉलेजमधून पोरं निवडतात तेव्हा याचा नंबर जवळजवळ शेवटचा. पहिलं वर्षभर त्याला फक्त एका कामाला मैदानात पाठवायचे. लांबून पळत यायचं आणि समोरून पळत येणाऱ्यावर आदळायचं. उठायचं, परत आदळायचं. तिसऱ्या वर्षी एकदा आदळल्यावर मानेपासून बोटांपर्यंत आग गेली आणि हात लोंबायला लागला. पाच मिनिटांनी हात परत आला. मग हे नेहमीचंच झालं. त्या आगीला त्यांनी एक लाडाचं नाव ठेवलं होतं, घरातलं मांजर असल्यासारखं.

"मग डॉक्टर काय करायचे?" मी विचारलं.

"विचारायचे. शून्य ते दहा." तो हसला. "तुमच्यासारखंच."

तीन म्हटलं की बाहेर बसवायचे. आणि बाहेर बसलं की मागे बावीस वर्षांचा एक पोरगा हेल्मेट घालून तयारच असायचा. म्हणून सगळे दोन म्हणायचे. एक म्हटलं तर खोटं वाटतं, तीन म्हटलं तर भाकरी जाते. दोन हा बरोब्बर आकडा. मॅचच्या आधी मागच्या खोलीत रांग लावून इंजेक्शनं घ्यायची आणि दोन म्हणायचं. शेवटी एक दिवस ऑफिसातला माणूस आला आणि म्हणाला, साहेबांनी बोलावलंय, येताना वही घेऊन ये. टीमचे सगळे डावपेच लिहिलेली एक वही प्रत्येकाकडे असायची. ती परत मागितली की समजायचं, खलास.

नऊ वर्षं हाडं मोडून घेतली आणि निरोप काय, तर वही घेऊन ये! हे तो हसत हसत सांगत होता आणि माझं डोकं भणभणत होतं. शाळेतसुद्धा पोराला काढून टाकायचं तर आई-बापाला बोलावतात. मी त्याला म्हटलं, "तुम्हाला राग नाही आला?" तर म्हणतो, "मॅम, इट वॉज द बेस्ट टाइम ऑफ माय लाइफ." आता या माणसाला काय म्हणावं! त्याच्या वाटचा रागसुद्धा मलाच करावा लागत होता.

घरी येऊन मी भांडी आपटायची. माझी मुलगी तेव्हा आठ वर्षांची, तिथेच वाढलेली. "आई, व्हाय आर यू शाउटिंग? ही इज नॉट ईव्हन अवर रिलेटिव्ह," म्हणायची.

दुसरा महिना लागला तेव्हा माझ्या एक गोष्ट लक्षात आली. पहिल्या दिवशी तो नाडीचे बूट आणि बटणांचा शर्ट घालून आला होता. आता नुसते पायात सरकवायचे बूट आणि गळ्यातून घालायचा टी-शर्ट. रजिस्टरवर सही करताना पेन दोनदा हातातून पडलं. चालताना पाय जरा फाकवून टाकत होता, होडीत उभ्या असलेल्या माणसासारखा. गुडघेदुखीचा माणूस असं चालत नाही.

गुडघ्याचं आटोपल्यावर मी सहज म्हणून त्याचा हात हातात घेतला आणि मधल्या बोटाच्या नखाला टिचकी मारली. धडधाकट माणसाचं काही होत नाही. त्याचा अंगठा टुणकन आत वळला. दुसऱ्या हाताचा बघितला. तोही वळला. हे विद्यार्थीसुद्धा जाणतात. याचा अर्थ मानेत, मणक्याच्या आत, मज्जारज्जू दाबला जातोय. नऊ वर्षांच्या त्या धडकांनी मान आतून अरुंद केली होती. तिथे दुखतंच असं नाही. हात जातात, पाय जातात, आणि दुखणं दोनच राहतं. वेळेवर ऑपरेशन झालं तर थांबतं. गेलेलं मात्र सगळं परत येत नाही.

मी तशीच डॉक्टरांच्या खोलीत गेले. त्यांनी ऐकून घेतलं, चष्मा काढला, पुसला.

"मॅडम, चिठ्ठीवर काय आहे?"

"गुडघा आहे. पण सर, मानेचं..."

"मग गुडघा बघा. निदान करायला मी आहे ना? उद्या तुम्ही पेशंटला घाबरवणार, तो दुसऱ्या हॉस्पिटलला जाणार, आणि तिथे काही निघालं नाही तर नाव कोणाचं जाणार? पेशंटशी तुम्ही मानेबद्दल काही बोलायचं नाही. यल्ला, चला, बाहेर लोक थांबलेत."

आणि मी बाहेर आले. बाहेर आले हो! कॉलेजात पहिली आलेली मी, घरी नवऱ्याला वाक्य पुरं करू न देणारी मी, हाताची घडी तोंडावर बोट ठेवून बाहेर आले. संध्याकाळी नवऱ्याला सांगितलं. तो एसीच्या कंपनीत हिशोबनीस, सज्जन माणूस, कुणाच्या अध्यात ना मध्यात. म्हणाला, "अगं, परका मुलूख आहे. डॉक्टर नको म्हणतायत ना? मग आपल्याला काय करायचंय? आपण बरं, आपलं काम बरं."

हे वाक्य मी जन्मापासून ऐकत आले. शेजारी नवरा बायकोला मारायचा तेव्हा ऐकलं, जिन्यात कुणी चक्कर येऊन पडलेलं असायचं तेव्हा ऐकलं. आमच्याकडे हे वाक्य देवघरात लावतात. त्या दिवशी मी नवऱ्यावर इतकी ओरडले की शेजारच्या सिंधी बाईनं दार वाजवलं. आणि एवढं ओरडून दुसऱ्या दिवशी केलं काय? कार्डावर लिहिलं, उजवा गुडघा, दोन, सुधारणा आहे.

नाही म्हणायला एकदा मी कोचला अर्धवट म्हटलं, "मान पण कुठेतरी दाखवून घ्या, असंच." तो म्हणाला, "मान माझी जुनी मैत्रीण आहे. टू." आणि मी सुटकेचा निःश्वास टाकला. आपण सांगितलं बुवा, त्यानं ऐकलं नाही. मी 'असंच' म्हटलं होतं. त्याच्या नखावर मी काय बघितलं ते सांगितलं नव्हतं. टिचकी मी मारली होती, अंगठा त्याचा होता, आणि त्याला सोडून ते आम्हा तिघांना, मला, डॉक्टरांना आणि माझ्या नवऱ्याला, माहीत होतं.

चौथ्या महिन्याच्या शेवटी, एका सकाळी, तो माझ्याकडेच यायला निघाला होता. राहायचा देरा बाजूला, आणि त्याला अब्रा फार आवडायची, ती लाकडी होडी, म्हणून मुद्दाम खाडी ओलांडून यायचा. बर दुबईच्या धक्क्यावर उतरताना पाय उचलला आणि तो उचललाच गेला नाही. पुढच्या पुढे कोसळला, पायरीवर हनुवटी आपटून. रिसेप्शनवरचा पोरगा धावत आला, "मॅडम, बडा आदमी गिर गया!" मी एप्रनवरच पळत सुटले.

चार-पाच जण त्याला काखेत धरून उठवायला बघत होते. मी किंचाळले, "गर्दन मत हिलाओ! कोई हाथ मत लगाओ!" ओल्या दगडावर बसले आणि दोन्ही हातांत त्याचं डोकं धरून ठेवलं. अँब्युलन्स येईपर्यंत हललेसुद्धा नाही. तो वर बघत होता. "मॅम, माझे हात कुठेयत?" हात त्याच्या पोटावरच होते.

हॉस्पिटलात सर्जन बाहेर आला. तोपर्यंत आमचे डॉक्टरही पोचले होते. सर्जननं विचारलं, "हातापायांत अशक्तपणा कधीपासून?" डॉक्टर लगेच म्हणाले, "आमच्याकडे गुडघ्यासाठी यायचा. हे आज अचानक झालं." सर्जननं माझ्याकडे बघितलं. माझ्या जिभेवर होतं, तीन महिने. एवढे दोनच शब्द. माझ्या जिभेला काय आग लागली होती कोण जाणे. मी मूग गिळून उभी राहिले. तेव्हापासून दुसऱ्या कुणावर ओरडले की मध्येच मला ते आठवतं आणि मी आणखी मोठ्यानं ओरडते.

ऑपरेशन झालं. जीव वाचला, डावा हात बराचसा परत आला. उजवा आला नाही. पुढच्या आठवड्यात डॉक्टरांनी नवा फॉर्म छापला, प्रत्येक पेशंटची मान तपासावी म्हणून. बैल गेला आणि झोपा केला. वर सगळ्यांना सांगत सुटले, "आमच्या मॅडमनी धक्क्यावर डोकं धरून ठेवलं म्हणून माणूस वाचला." लोक माझं अभिनंदन करायचे, आणि मला एकेकाच्या तोंडावर ते कार्ड फेकून मारावंसं वाटायचं.

अमेरिकेला कायमचा परत जायच्या आधी कोच भेटायला आला. वॉकरवर, इंच इंच सरकत. हातावर खजुराचा डबा बांधून आणला होता, कारण धरता येत नव्हता. बाहेरच्या खोलीत मी एकटीच होते, स्टाफ नमाजाच्या सुट्टीला गेलेला आणि डॉक्टर आत त्यांच्या खोलीत बसलेले. कार्ड माझ्या टेबलावर होतं. मी ठरवलंच होतं, आज सांगायचं.

"कोच, मला तुमच्याशी..."

"आधी विचारा ना," तो म्हणाला. "तुमचा प्रश्न."

मी विचारलं. शून्य ते दहा.

"आठ," तो म्हणाला. "रात्री नऊ. आजवर कुणाला खरा आकडा सांगितला नाही, मॅम. बायकोलापण नाही. पण तुम्ही त्या दगडावर बसून माझं डोकं धरलंत. तुमच्याशी खोटं बोलवत नाही."

मी कार्ड उलटं करून ठेवलं.

"आणि तुम्ही?" त्यानं विचारलं. "तुमचं कसं चाललंय? शून्य ते दहा?"

"टू," मी म्हटलं.

तो मोठ्यानं हसला. त्याला वाटलं, मी गंमत करतेय.